भोंगा सातचा, फोन साडेआठचा

दिवाळीच्या आदल्या दिवशी दादानं घरच्या ग्रुपवर जुनीच बातमी पुन्हा टाकली. आपल्या सांगली जिल्ह्यातलं मोहित्यांचे वडगाव. २०२२ पासून तिथं संध्याकाळी सातला देवळावरचा भोंगा वाजतो आणि दीड तास टीव्ही, मोबाइल बंद. खाली दादाचं वाक्य: ‘आपल्या गावातही हे सुरू करायचं. पोरं हातची गेली.’ माझं डोकंच फिरलं.

मी अकरा वर्षं इंडोनेशियात, जोगजात (योग्यकार्ता शहरात) राहते. आमच्या मागच्या भिंतीला लागून मुलींचा कोस, म्हणजे भाड्याच्या खोल्यांचं वसतिगृह आहे. सुंबा, फ्लोरेस, मकास्सार, दूरच्या बेटांवरून कुठून कुठून आलेल्या मुली. रात्री अकराला कोपऱ्यावरच्या बुर्जोत, म्हणजे छोट्या खानावळीत त्या दिसतात. एक एस्तेह (बर्फाचा चहा), अंडं घातलेली इंडोमी (नूडल्स), पैसे क्रिसवर (क्यूआर कोडनं), आणि तीन-तीन तास नुगास, म्हणजे कॉलेजचा अभ्यास. माना खाली, हातात फोन. लांबून बघणाऱ्याला वाया गेलेल्याच वाटतील.

गेल्या महिन्यात त्यातली एक माझ्याकडे आली. स्क्रिप्सीसाठी, म्हणजे पदवीच्या प्रबंधासाठी दोसेनची, म्हणजे प्राध्यापकांची वेळ हवी होती, तेवढ्यासाठी व्हॉट्सॲपवरचा मेसेज तिनं तीनदा खोडून लिहिला होता. आधी अभिवादन, मग ‘मोहोन माआफ’ म्हणजे क्षमा असावी, मग आपलं नाव, वर्ष, आणि सगळ्यात शेवटी काम. उद्धट तर वाटत नाही ना, हे तिला मोठ्या माणसाकडून ऐकायचं होतं. ‘माआफ’ म्हणजे आपलं माफच. दादाच्या मुलानं सरांना असा मेसेज कधी लिहिला असेल, असं मला वाटत नाही.

आणि हातची गेलेली पोरं म्हणे! सप्टेंबर २०१९ मध्ये ‘गेजायान मेमांग्गिल’ (गेजायान हाक मारतंय) हा हॅशटॅग फोनाफोनांतून फिरला आणि जोगजातला गेजायानचा रस्ता निदर्शनं करणाऱ्या विद्यार्थ्यांनी भरून गेला. मे १९९८ मध्ये हुकूमशहा राष्ट्राध्यक्ष सुहार्तोंविरुद्धच्या आंदोलनात याच रस्त्यावर मोझेस गातोत्काचा हा तरुण मारला गेला. आपल्या घटोत्कचाचं नाव. आज शेजारच्या रस्त्याला ते आहे, मी तिथून भाजी आणते. ऑगस्ट २०२४ मध्ये निळ्या रंगावरचा गरुड, इंडोनेशियाचं राष्ट्रचिन्ह, धोक्याचा इशारा म्हणून पोरांच्या स्टेटसवर झळकला. घटनात्मक न्यायालयाचा निकाल डावलून इथली संसद निवडणुकीचा कायदा बदलायला निघाली होती, तिला माघार घ्यावी लागली. त्याच आठवड्यात पुण्यात एमपीएससीची पोरं रस्त्यावर बसली होती. त्यांच्या पेपरच्याच दिवशी आयबीपीएसची, बँकभरतीची परीक्षा होती म्हणून. आयोगानं पेपर पुढे ढकलला. ती पोरं काय दवंडी ऐकून जमली होती? दादाला मी हे विचारलं. तो म्हणाला, ‘ते वेगळं.’

वेगळं कसं? पिंजोलचं, म्हणजे मोबाइलवरून मिळणारं ऑनलाइन कर्ज घेऊन रडणारी मुलगी मीही पाहिली आहे. रात्रभर टिकटॉक बघून सकाळचा तास बुडवणाऱ्याही आहेत. पण पिंजोलवाल्यांना सरकारनं आवरायचं असतं, देवळावरच्या भोंग्यानं नाही.

खरं सांगायचं तर मला लागलं ते दुसरंच. सुंबाहून आलेली मुलगी रोज सांबलच्या (तिखट चटणीच्या) बाटलीला फोन टेकवून जेवते. पलीकडे तिची आई, रेंज मिळते म्हणून घराबाहेर दगडावर बसलेली. दोघी फारसं बोलत नाहीत. ताटात काय आहे ते दाखवतात आणि जेवतात. तिच्याकडे बघताना मला कळतं की मीही तेच करते. गावाकडे सात वाजतात तेव्हा इथं साडेआठ. तीच माझी आणि आईची वेळ. गणपतीत मी इथून आरती म्हणते, माझ्या टाळ्या तिकडे उशिरा पोचतात आणि सगळे माझ्यासाठी थांबतात. दादाचा भोंगा नेमका त्या वेळेवर वाजणार आहे. दादाला फोन बंद ठेवणं परवडतं, कारण आई त्याच्या हाताशी आहे. तिचं औषध, तिचे गुडघे, रात्रीचं उठणं सगळं तो बघतो. अकरा वर्षांत मी त्यातलं काही केलेलं नाही. माझ्या वाट्याला फक्त हा अर्धा तास आहे, आणि त्यासाठी मी त्याच्याशी इंडोनेशियाच्या पोरांची नावं घेऊन भांडते आहे.

काल फोन लावला. आधी तुळशीपुढचा दिवा दिसला, मग आईनं फोन कुठंतरी ठेवला आणि नुसतं आढं दिसायला लागलं. मग दादाचा हात आला आणि त्यानं फोन सरळ केला.