पावती नसलेला माल

ऑगस्ट २०२३ च्या एकाच आठवड्यात दोन सरकारांनी दोन वेगळ्या मालांची वाट अडवली. १९ तारखेला दिल्लीने कांद्याच्या निर्यातीवर ४० टक्के शुल्क लावलं. २४ तारखेला फुकुशिमाच्या अणुवीज प्रकल्पातलं प्रक्रिया केलेलं पाणी समुद्रात सोडायला सुरुवात झाली आणि त्याच दिवशी चीनने जपानची सगळी मासळी घेणं थांबवलं. मी जपानच्या होक्काइदो बेटाच्या दक्षिण टोकाला, हाकोदाते शहरात राहते आणि मासळीवर प्रक्रिया करणाऱ्या एका कारखान्यात गुणवत्ता तपासणीचं काम करते. माहेर जळगाव जिल्ह्यातल्या सावद्याजवळचं, केळीचं. साक्री तालुक्यात मावशीकडे कांदा. त्यामुळे दोन्हीकडची चिंता मला घरचीच होती. तेव्हापासून एक प्रश्न माझ्या डोक्यातून गेलेला नाही: वाट अडली तेव्हा इथल्या मच्छीमाराचं आणि तिथल्या शेतकऱ्याचं नुकसान कोणी मोजलं, आणि कशाच्या आधारावर?

इथे ज्या मालाला सर्वांत मोठा फटका बसला तो म्हणजे स्कॅलप. पंख्याच्या आकाराचा मोठा शिंपला, आत पांढराशुभ्र जाड गोळा. खातात प्रामुख्याने तोच. २०२२ मध्ये जपानने सुमारे ९१ अब्ज येनचे स्कॅलप परदेशी पाठवले आणि त्यातला निम्म्याहून थोडा अधिक माल एकट्या चीनने घेतला. तो सगळा चीनमध्येच खाल्ला जात होता असंही नाही. बराच माल तिथल्या कारखान्यांत सोलून, गोठवून पुढे अमेरिकेला जायचा. होक्काइदोत सोलायला माणसं मिळत नाहीत, तिथे मजुरी स्वस्त, म्हणून वर्षानुवर्षं ही घडी बसली होती. दार बंद झालं तेव्हा समुद्रात शिंपले होते, अमेरिकेत गिऱ्हाईक होतं, पण मधले हात एका रात्रीत गेले. काही आठवड्यांत शीतगृहं भरून गेली.

सप्टेंबरच्या पहिल्याच आठवड्यात जपान सरकारने आधीच्या निधीत भर घालून मदतीची रक्कम १००.७ अब्ज येनवर नेली. तो पैसा माल साठवायला, नवे खरेदीदार शोधायला आणि शिंपले सोलण्याची यंत्रं घ्यायला होता. पाणी सोडणाऱ्या वीज कंपनीकडून भरपाई मागण्याची वाट वेगळी होती. सोलण्यासाठी व्हिएतनाम आणि मेक्सिकोतल्या कारखान्यांची चाचपणी झाली, शाळांच्या जेवणात स्कॅलप आले. चीनचं गिऱ्हाईक गेलेलं असतानाही २०२३ आणि २०२४ या दोन्ही वर्षी निर्यात ७० अब्ज येनच्या जरा खाली टिकून राहिली. पुढे अमेरिकेतली मागणी इतकी वाढली की २०२५ मध्ये भाव चढले आणि इथल्या गृहिणी स्कॅलप परवडत नाही म्हणून कुरकुरू लागल्या. त्याच वर्षी जूनअखेर चीनने दार किलकिलं केलं आणि नोव्हेंबरमध्ये राजकीय वादातून परत लावून घेतलं. या दुसऱ्या वेळी बंदरांवर पहिल्याइतकी घबराट मला दिसली नाही.

हे वाचून आपल्याकडे कोणीही म्हणेल की जपान श्रीमंत देश, पैसा ओतला आणि सुटले. पैसा महत्त्वाचा होताच, ते मी नाकारत नाही. पण तो पैसा योग्य माणसाच्या नावावर पोचला याचं कारण फार साधं आहे. इथला मच्छीमार आपला माल सहसा एकट्याने विकत नाही. माल बंदरावर उतरतो, गावच्या मच्छीमार सहकारी संस्थेच्या काट्यावर चढतो, बोली लागते, आणि कोणी किती किलो, कोणत्या भावाने घेतला हे त्या दिवशीच्या नोंदीत बसतं. मच्छीमारांच्या परस्पर विम्यातही हाच आधार धरतात: मागच्या पाच वर्षांतलं सर्वांत चांगलं आणि सर्वांत वाईट वर्ष सोडायचं, उरलेल्या तीन वर्षांची सरासरी काढायची, आणि यंदाचं उत्पन्न त्याहून ठरावीक मर्यादेच्या खाली गेलं तर फरकाची भरपाई द्यायची. हप्त्यात सरकारचाही वाटा असतो. हिशेब अवघड नाही. पाच वर्षांच्या पावत्या मात्र लागतात.

ही संस्था नुसती विक्रीपुरती नाही, हे होक्काइदोच्या उत्तर टोकावरच्या सारुफुत्सु गावात कळतं. तिथे एकेकाळी शिंपले वारेमाप उपसले गेले आणि समुद्रतळ रिकामा झाला. गरिबी पाहायची असेल तर सारुफुत्सुला जा, असं आसपासचे लोक म्हणत. १९७१ पासून गावाने आणि संस्थेने मिळून शिंपल्यांची पिल्लं समुद्रात पेरायला सुरुवात केली. समुद्राचे भाग पाडले, एका भागात पेरायचं, तो काही वर्षं मोकळा ठेवायचा, मग काढणी, तोवर दुसरे भाग वाढत राहतात. आज दरडोई उत्पन्नात हे गाव जपानमधल्या वरच्या गावांत मोजलं जातं. पेरल्यावर थांबायचं कोणी, काढायचं कोणी आणि किती, हे सगळ्यांनी मान्य केल्याशिवाय असं होत नाही. मला त्या गावाचा हेवा वाटतो, आणि तो लपवावासा वाटत नाही.

आता आपल्याकडे या. रावेर-यावलच्या पट्ट्यात केळी कापणीला आली की व्यापाऱ्याची माणसं शेतात येतात. भाव बाजार समितीने त्या दिवशी जाहीर केलेला, कधी बऱ्हाणपूरचा, कधी रावेरचा. प्रत्यक्षात हातात पडतो तो त्याहून कमी. माल बारीक आहे, घड हलका आहे, ट्रक मिळत नाही, दिल्लीत उठाव नाही, कारणं रोज नवी. वजनातून कपात वेगळीच. जाहीर भाव आणि मिळालेला भाव यांतल्या फरकावर आपल्याकडे इतकी वर्षं आंदोलनं होतात, निवेदनं दिली जातात, आणि तरी तो फरक नेमका किती, हे कोणी कागदावर दाखवू शकत नाही, कारण खरा भाव कुठे लिहिलेलाच नसतो. माझी वहिनी वहीत प्रत्येक कापणीचे घड, वजन आणि हातात आलेले पैसे लिहिते. तिची वही जिल्ह्यातल्या कुठल्याही जाहीर भावापेक्षा खरी आहे. पण सरकारदरबारी त्या वहीला काही किंमत नाही.

२०१६ मध्ये राज्याने फळं-भाजीपाला बाजार समितीच्या बंधनातून मोकळा केला. तेव्हा मला तो निर्णय आवडला होता आणि आजही त्यातलं स्वातंत्र्य मला हवंच आहे. शेतकऱ्याने आपला माल कुठेही विकावा. पण बंधनाबरोबर नोंदही गेली, आणि तिच्या जागी दुसरी कुठली नोंद आणायची हे कोणी ठरवलं नाही. फळपीक विमा आहे, तो हवामानावर चालतो: तापमान अमुक अंशांच्या वर गेलं, वारा अमुक वेगाने सुटला तर भरपाई. जळगावच्या उन्हात त्याची गरज आहेच. पण बाजार पडला तर त्या विम्यात एक रुपयाही नाही.

पावती असली की काय होतं आणि नसली की काय, हे मावशीच्या कांद्याने दाखवून दिलं. २०२३ च्या फेब्रुवारी-मार्चमध्ये भाव कोसळले तेव्हा राज्य सरकारने क्विंटलला ३५० रुपये, कमाल २०० क्विंटलपर्यंत, अनुदान जाहीर केलं. अट अशी की विक्रीची पट्टी हवी आणि सात-बाऱ्यावर कांद्याची नोंद हवी. मावशीचा बाजार समितीत गेलेला कांदा अनुदानात बसला. शेजारच्या कुटुंबाने त्याच हंगामात, त्याच पडलेल्या भावात, बांधावरून व्यापाऱ्याला दिलेला कांदा बसला नाही. नुकसान दोघांचंही झालं होतं. ज्यांच्याकडे कागद नव्हता त्यांचं नुकसान सरकारच्या लेखी झालंच नाही. शेजारच्या मध्य प्रदेशात २०१७ मध्ये आलेली आणि २०२५ मध्ये सोयाबीनसाठी परत आणलेली भावांतर योजनाही (हमीभाव आणि बाजारभाव यांतला फरक शेतकऱ्याला देणारी) नोंदणी आणि मंडीतली विक्री याच पायावर उभी आहे.

घरच्या गटांवर, पारावर सध्या जो वाद चालतो त्यात मला ही गोष्ट कुठेच दिसत नाही. एक बाजू म्हणते की परदेशी बाजाराच्या नादी लागू नका. पाहा, २७ ऑगस्ट २०२५ पासून अमेरिकेने ५० टक्के आयातशुल्क लावलं आणि आंध्रच्या कोळंबीवाल्यांची काय गत झाली. दुसरी बाजू म्हणते की निर्यातीशिवाय तरणोपाय नाही, केळी आखातात जाऊ द्या, सरकारने मध्ये येऊ नये. दोघांच्याही बोलण्यात तथ्य आहे. भारताच्या मासळी-निर्यातीच्या उत्पन्नातला जवळजवळ दोन तृतीयांश वाटा गोठवलेल्या कोळंबीचा आणि तिचं सर्वांत मोठं गिऱ्हाईक अमेरिका; एका मालावर आणि एका गिऱ्हाइकावर इतकं ओझं टाकणं धोक्याचंच. पण त्याच ऑगस्टमध्ये, १९ तारखेपासून, आपल्या सरकारने कापसावरचं ११ टक्के आयातशुल्क उठवलं, आधी सप्टेंबरअखेरपर्यंत आणि मग डिसेंबरअखेरपर्यंत. सूतगिरण्यांना दिलासा मिळाला. खान्देशातला कापूस वेचणीला आला तो नेमका त्याच महिन्यांत. म्हणजे जो शेतकरी परदेशी एक किलोही पाठवत नाही त्याच्याही दारात परदेशी बाजार येऊन उभा राहिला. निर्यात करायची की नाही हा प्रश्न अर्ध्याहून अधिक शेतकऱ्यांच्या हातात नाहीच. वाट अडली किंवा उघडली की कोणाचं किती गेलं, हे दाखवता येणं मात्र हातात आणता येतं.

चीनने जपानची वाट अडवली, तेव्हा जपानचं सरकार आपल्या मच्छीमारांच्या बाजूने उभं राहिलं. कांद्याची वाट आपल्याच सरकारने अडवली. शुल्कानंतर डिसेंबरमध्ये निर्यातबंदी आली आणि ती मे २०२४ पर्यंत टिकली. शहरातल्या ग्राहकासाठी घेतलेला निर्णय म्हणून तो मला समजू शकतो. त्याचा खर्च एकट्या कांदा उत्पादकाने का उचलायचा, हे मला आजही कोणी पटवून दिलेलं नाही.

जपानचं सगळं छान चाललंय असं समजू नका. हाकोदाते हे माकुलांचं, म्हणजे स्क्विडचं शहर. उन्हाळ्याच्या रात्री माकूल पकडणाऱ्या होड्यांचे दिवे क्षितिजावर रांगेने दिसायचे, असं इथली जुनी माणसं सांगतात. आता ते तुरळक असतात. १९९६ मध्ये जपानने या जातीचे चार लाख टनांहून अधिक माकूल पकडले होते. अलीकडच्या काही वर्षांत हा आकडा वीस-तीस हजार टनांच्या घरात आला. माकूल जिथे अंडी घालतात तिथल्या पाण्याचं तापमान बदललं, आणि शेजारच्या देशांच्या बोटीही त्याच समुद्रात उपसा करतात. शहरातले माकुलाचे प्रसिद्ध पदार्थ आज मोठ्या प्रमाणावर पेरू, चिली, चीनकडून आलेल्या मालावर बनतात. २०२५ मध्ये माकूल अनपेक्षितपणे परतला तेव्हा ठरवलेला कोटा अपुरा पडला आणि छोट्या होड्यांना भर हंगामात थांबायला सांगावं लागलं. नोंद चोख असली तरी समुद्र आटला तर विमा किती वर्षं पुरणार? सरासरीच खाली घसरत जाते आणि भरपाईही तिच्याबरोबर घसरते. तापी-गिरणेच्या काठी ज्यांच्याकडे पाण्याची पातळी खाली चालली आहे, त्यांनी हे विशेष ध्यानात घ्यावं.

आणखी एक गोष्ट मला खुपते. इथल्या कारखान्यांत शिंपले सोलणाऱ्या कितीतरी बायका व्हिएतनाम आणि चीनमधून ‘तांत्रिक प्रशिक्षणार्थी’ या नावाने आलेल्या असतात. मदतीच्या पैशातून सोलणीची यंत्रं आली, पण संस्थेच्या सभासद-यादीत त्या नाहीत, भाव ठरवताना त्यांना कोणी विचारत नाही, आणि काम बंद पडलं तर त्यांचं नुकसान कुठल्याच सरासरीत बसत नाही. आपल्याकडे सातपुड्यातून उतरून केळी कापायला येणारा पावरा मजूर असाच यादीबाहेर असतो. पावतीची मागणी करताना मजुरीची नोंदही तीतच मागायला हवी. शेतकऱ्याचा कागद झाला आणि मजुराचा राहिला, तर ते अर्धंच काम.

माहेरी आप्पांना मी हे फोनवर सांगितलं तेव्हा त्यांचं म्हणणं होतं की पावती मागणाऱ्याची केळी व्यापारी घेणारच नाही, आणि पिकायला आलेला घड थांबत नाही. खरं आहे. एकट्याने मागून मिळणार नाही. इथेही एकट्या मच्छीमाराला कोणी दिली नसती. पण केळी उत्पादकांच्या संस्था आपल्याला नव्या नाहीत. सावदा, रावेर स्थानकांवरून वॅगन भरून दिल्लीकडे केळी पाठवण्याचं काम आपल्या लोकांनी एकत्र येऊन केलेलं आहे. त्या संस्थांनी गावोगावी काटा बसवावा, कापलेली केळी त्यावरूनच ट्रकमध्ये चढावी, आणि वजन, भाव, खरेदीदार, कापणीचे मजूर या चार गोष्टींची पावती संस्थेने स्वतः द्यावी. व्यापाऱ्याच्या सहीची वाट पाहायची गरज नाही. पहिल्या वर्षी त्या पावतीवर कोणी भरपाई देणार नाही. पाच वर्षांचा गठ्ठा झाला की जाहीर भाव आणि खरा भाव यांतला फरक जिल्हाधिकाऱ्यांच्या टेबलावर ठेवता येईल, आणि फळपीक विम्यात भावाचा समावेश करा ही मागणी आकड्यांनिशी मांडता येईल. वहिनीची वही सुरुवातीला पुरे आहे. तसल्या वह्या प्रत्येक गावात असणार, त्या आधी एकत्र करा.