‘खरा इतिहास कादंबऱ्यांतच’ हा दावा कागदांपुढे टिकत नाही

शिवजयंती जवळ आली किंवा नवा ऐतिहासिक चित्रपट लागला, की एक मजकूर हमखास फिरू लागतो. त्याचा सारांश असा: इतिहासकारांनी संभाजी महाराजांना बदनाम केले, न्याय दिला तो कादंबरीकारांनी. कादंबरीकारही अभ्यास करूनच लिहितो, पुस्तकाच्या शेवटी संदर्भग्रंथांची यादी असते. उलट इतिहासकारांचे आपसातच पटत नाही, तारखा बदलत राहतात. त्यांची पुस्तके रुक्ष, कोणी वाचत नाही. आणि माणसांची मने तर कादंबरीतच कळतात. तेव्हा मुलांच्या हाती कादंबऱ्या द्या, बाकी काही लागत नाही.

मला स्वतःला इतिहासाची गोडी कादंबऱ्यांनीच लावली, आणि त्या लेखकांबद्दल माझ्या मनात आदर आहे. पण वरचा मजकूर वाचून मुलांच्या मनात जे बसते ते चुकीचे आहे, म्हणून एकेक मुद्दा घेतो.

सगळ्यात आधी संभाजी महाराजांचा मुद्दा, कारण याच मुद्द्यावर माणसे सर्वाधिक हळवी होतात. बदनामी झाली हे खरे. ती कुठून आली ते पाहू. महाराजांची हत्या झाली 11 मार्च 1689 रोजी. त्यांचे चरित्र काळे रंगवणारी मल्हार रामराव चिटणीसाची बखर लिहिली गेली 1810च्या सुमारास, म्हणजे सुमारे 120 वर्षांनी. हा मल्हार रामराव बाळाजी आवजी चिटणीसांचा वंशज. बाळाजी आवजींना संभाजी महाराजांनी 1681 साली कटाच्या आरोपावरून देहदंड दिला होता. घराण्यात झिरपत आलेला राग लेखणीत उतरला असेल, तर त्यात नवल नाही. पुढे ग्रँट डफने 1826 साली मराठ्यांचा इतिहास छापला, त्यातही बखरींचा मोठा आधार होता. एकोणिसाव्या शतकातल्या अभ्यासकांनी तेच चित्र पुढे चालवले, हा दोष इतिहासकारांकडे जातोच, तो झाकायचे कारण नाही.

पण ते चित्र घरोघरी पोचवले कोणी? नाटककारांनी आणि कादंबरीकारांनी. व्यसनी, स्त्रीलंपट राजपुत्र रंगभूमीला सोयीचा होता. राम गणेश गडकऱ्यांचे अपुरे राहिलेले ‘राजसंन्यास’ त्याच परंपरेतले, आणि त्यावरून 2017 साली पुण्यात गडकऱ्यांचा पुतळा उखडून मुठा नदीत टाकण्यापर्यंत मजल गेली. गडकऱ्यांनी बखरीवर विश्वास ठेवला, त्या काळी बहुतेकांनी ठेवला होता. हे चित्र पुसले ते वा. सी. बेंद्रे यांनी. त्यांनी आयुष्याची कितीतरी वर्षे दप्तरे धुंडाळून समकालीन पत्रे, फार्सी अखबार, इंग्रज आणि पोर्तुगीजांचे कागद बखरीच्या शेजारी ठेवून तपासले आणि 1960 साली संभाजी महाराजांचे चरित्र प्रसिद्ध केले. 1971 साली डॉ. कमल गोखले यांचा ग्रंथ आला. सगळ्यांच्या तोंडी असलेली शिवाजी सावंतांची ‘छावा’ ही कादंबरी आली ती 1979 साली. या क्रमाकडे जरा नीट पाहा. कादंबरीतला तेजस्वी, संस्कृत जाणणारा, एकाच वेळी मोगल, सिद्दी आणि पोर्तुगीजांशी झुंजणारा राजा कादंबरीकाराला हवेतून सापडलेला नाही, त्याआधी कोणीतरी तो कागदातून बाहेर काढला होता. त्या बेंद्र्यांचे नाव फिरत्या मजकुरात कुठेच नसते, याचे मला फार वाईट वाटते.

आता संदर्भग्रंथांच्या यादीबद्दल. कादंबरीकार अभ्यास करतो, यात शंका नाही. अडचण अशी की शेवटच्या पानावर 40 पुस्तकांची नावे दिली, तरी 212व्या पानावरचा संवाद त्यातल्या कोणत्या पुस्तकातून आला हे वाचकाला कळत नाही. इतिहासकाराला वाक्यागणिक तळटीप द्यावी लागते आणि ती खोटी निघाली तर त्याची अब्रू जाते. तानाजी मालुसऱ्यांचेच घ्या. ‘गड आला पण सिंह गेला’ हे वाक्य प्रत्येक मराठी मुलाला पाठ असते. सभासदाने जिंजीत लिहिलेल्या बखरीत शिवाजी महाराजांच्या तोंडी आहे ते असे: ‘एक गड घेतला, परंतु एक गड गेला.’ सिंहाचे रूप लोकांच्या तोंडी रुळवले ते हरिभाऊ आपट्यांच्या कादंबरीने. त्यातूनच तानाजीवरून कोंढाण्याचे नाव सिंहगड पडले, असे सगळे धरून चालतात. तानाजी पडला 1670च्या फेब्रुवारीत, आणि शिवाजी महाराजांच्या 1663 सालच्या पत्रात ‘सिंहगड’ हे नाव आधीच आलेले आहे. यशवंती घोरपडही पोवाड्यातली. यामुळे तानाजीचे मोल तसूभरही कमी होत नाही. अपरात्री तो कडा चढून जाणारा माणूस घोरपडीवाचूनही तेवढाच मोठा आहे. हरिभाऊंनी कादंबरीकाराचे काम केले, आणि ते उत्तम केले. चूक आपली, की आपण ते वाक्य पुरावा म्हणून वापरतो.

तारखा बदलतात, हा आक्षेप मला सर्वांत उलटा वाटतो. शिवाजी महाराजांचा जन्म 1627चा असे बखरींच्या आधाराने कितीतरी वर्षे मानले जात होते. मग भोरजवळच्या कारी गावच्या जेधे देशमुखांकडची शकावली लोकमान्य टिळकांच्या हाती आली आणि 1916 साली त्यांनी ती छापली. शकावली म्हणजे वर्षवार नोंदींचे टिपण, ना अलंकार ना गोष्ट. त्यात जन्मतिथी आहे फाल्गुन वद्य तृतीया, शके 1551, वार शुक्रवार. इंग्रजी तारीख येते 19 फेब्रुवारी 1630. महाराजांच्या पदरी असलेल्या कवींद्र परमानंदाच्या ‘शिवभारता’तही तीच तिथी निघाली. एक देशमुखाच्या घरातले टिपण, दुसरे संस्कृत काव्य. दोन्ही एकमेकांपासून लांब, तरी तिथी एकच. तरीही वाद मिटायला वेळ लागला. 1966 साली शासनाने नेमलेल्या समितीतसुद्धा एकमत झाले नाही, आणि 2001 पासून राज्य शासनाने 19 फेब्रुवारी मान्य केली. तारीख बदलली, कारण जास्त जुना आणि जास्त भरवशाचा कागद मिळाला. कादंबरीत असे कधी होत नाही. तिच्या दहाव्या आवृत्तीतही पहिल्या आवृत्तीतलीच चूक छापली जाते, आणि कोणी विचारले तर ‘ही कादंबरी आहे’ हे उत्तर तयार असते.

रुक्षपणाबद्दल थोडेच बोलतो. पुष्कळ इतिहासग्रंथ वाचायला जड जातात, मान्य. पण मूळ पत्रे वाचून पाहा. वि. का. राजवाड्यांनी गावोगाव पायपीट करून, वाळवीच्या आणि रद्दीवाल्याच्या तावडीतून कागद सोडवून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चे 22 खंड काढले. 1898च्या पहिल्या खंडात पानिपतच्या मोहिमेची पत्रे आहेत. सदाशिवरावभाऊ उत्तरेतून रसद पुरवणाऱ्या गोविंदपंत बुंदेल्यांना पुन्हा पुन्हा लिहितात: ऐवज पाठवा, धान्य पाठवा, यमुना उतरायला नावा जमवा. डिसेंबर 1760मध्ये गोविंदपंत मारले जातात आणि फौजेची रसद तुटते. 14 जानेवारी 1761 रोजी काय होणार हे आपल्याला ठाऊक असते, पत्र लिहिणाऱ्याला नसते. मी ती पत्रे वाचताना मध्ये थांबू शकलो नाही. त्र्यं. शं. शेजवलकरांनी याच कागदांवर, शिवाय प्रत्यक्ष पानिपतची भूमी फिरून, आपला ग्रंथ उभा केला. तो ज्याला रुक्ष वाटेल त्याने निदान त्यातले नकाशे उघडून बसावे.

राहिला मनाचा मुद्दा, आणि तो मला बराचसा पटतो. रायगड पडल्यावर 1689 साली येसूबाई लहानग्या शाहूसह मोगलांच्या कैदेत गेल्या. त्या साताऱ्यास परतल्या 1719 साली. मधली 30 वर्षे त्यांनी कशी काढली, मुलगा 1707 साली सुटून गेल्यावर बारा वर्षे एकट्याने काय वाटले असेल, याबद्दल कागद फार थोडे बोलतात. इतिहासकार तिथे थांबतो, त्याला थांबावेच लागते. कादंबरीकाराने तिथे जरूर जावे, आणि चांगला लेखक गेला तर मी ती कादंबरी पहिल्या दिवशी विकत घेईन. माझी मागणी एवढीच, की शेवटी दोन पाने जोडून त्याने सांगावे: हे प्रसंग कागदातले, ही पात्रे माझी, हा संवाद माझा.