मत दाखवायचंच आहे, तर आम्हाला दाखवा

आमचे आण्णा गावच्या दूध संस्थेत वर्षानुवर्षं होते. एका वर्षी जिल्ह्याच्या दूध संघाच्या निवडणुकीसाठी संस्थेनं ठराव त्यांच्या नावावर केला. कोल्हापूरच्या बाहेरच्यांसाठी सांगतो. संघाच्या संचालकांना म्हशीखाली बसणारा शेतकरी थेट मत देत नाही. प्रत्येक गावची संस्था एकाच्या नावानं ठराव करते आणि तो ठरावधारक जाऊन मत घालतो. म्हणून निवडणूक जवळ आली की ठरावधारकाला जावयाचा मान. दारात गाडी येते, देवदर्शन होतं, कुणाला समुद्रही बघायला मिळतो. आण्णांनाही नेलं होतं. जाताना एक पिशवी होती, येताना दोन, असं आई अजून सांगते.

परतल्यावर संस्थेच्या कट्ट्यावर लोकांनी विचारलं, "कुणाला दिलंसा, आण्णा?" नियमानं मत गुप्त. आण्णांनी सरळ सांगून टाकलं. आई चिडली, उगाच वैर कशाला म्हणाली. तर म्हणाले, "ठराव गावाचा हाय. मग मत माझं एकट्याचं कसं?"

हे सगळं आठवलं १० जून २०२२ च्या रात्री. राज्यसभेचे खासदार आमदार निवडतात, मतपत्रिकेवर पहिली, दुसरी अशी पसंती लिहून. त्या दिवशी महाराष्ट्रातल्या सहा जागांसाठी मतदान झालं होतं, उमेदवार सात, आणि आक्षेपांमुळे मोजणी अडकलेली. मी टीव्हीसमोर बसून होतो, कारण ती सहावी जागा पहिल्यापासून आमच्या कोल्हापूरची भानगड होती. आधी संभाजीराजे अपक्ष उभे राहणार होते, त्यांनी मेच्या अखेरीस माघार घेतली. मग शिवसेनेनं जिल्हाप्रमुख संजय पवारांना दिलं, भाजपनं धनंजय महाडिकांना. एरवी ही निवडणूक बिनविरोध उरकते आणि आपल्याला दुसऱ्या दिवशी पेपरातून कळतं. त्या वर्षी चोवीस वर्षांनी खरी लढत होती.

निकाल लागला पहाटे. पवारांना पहिल्या पसंतीची ३३ मतं, महाडिकांना २७. आणि निवडून आले महाडिक. आमच्या गल्लीत सकाळी चहाच्या गाड्यावर अर्धी माणसं म्हणत होती, घोटाळा झाला. घोटाळा नव्हता, हिशेब होता, आणि तो समजला की मजा येते.

२८५ आमदारांनी मत दिलं. एक आमदार महिनाभर आधी वारले होते, आणि तुरुंगात असलेल्या दोघांना कोर्टानं मतदानाला सोडलं नाही. शिवसेनेचे सुहास कांदे यांचं मत निवडणूक आयोगानं बाद केलं, उरली २८४. प्रत्येक मताची किंमत १०० धरतात, म्हणजे २८,४००. जागा सहा, त्यात एक मिळवून सातानं भागायचं, उरलेली बाकी सोडायची आणि एक वाढवायचा. आले ४,०५८. हा कोटा, आपल्या भाषेत साडेचाळीस मतं आणि वर थोडी. सात जणांना एवढी मतं मिळूच शकत नाहीत, सहा जणांनाच मिळू शकतात, एवढाच या भागाकाराचा अर्थ. आता भाजपनं काय केलं? पीयूष गोयल आणि अनिल बोंडे यांना गरजेपेक्षा जास्त, ४८-४८ मतं दिली. कोट्याच्या वरचं जे उरलं ते दुसऱ्या पसंतीनं महाडिकांकडे वळलं आणि त्यांनी ४१ चा टप्पा ओलांडला. शिवसेना, राष्ट्रवादी आणि काँग्रेसच्या आघाडीनं संजय राऊत, प्रफुल्ल पटेल आणि इम्रान प्रतापगढी यांना ४१, ४३, ४४ अशी मतं दिली. उरलेलं पवारांकडे गेलं, पण गाडी ३९ च्या पुढे थोडकी सरकून थांबली.

हिशेबाबद्दल माझी तक्रार नाही. एकल संक्रमणीय मत हे नाव भयंकर असलं तरी पद्धत न्याय्य आहे, लहान गटालाही त्याच्या वजनाइतकं मिळतं. माझा प्रश्न पुढचा आहे. भाजपचे स्वतःचे आमदार १०६. ते सगळे आले, दोघे तर गंभीर आजारपणात अॅम्ब्युलन्समधून आले. (राजकारण बाजूला ठेवून, त्या दोघांना नमस्कार.) पण भाजपच्या तिघांची मतं झाली १२३. वरची १७ अपक्षांची आणि छोट्या पक्षांची. त्यातले काही आधीपासून उघड त्यांच्यासोबत होते. बाकीचे कोण? निकालानंतर संजय राऊतांनी काही अपक्षांची नावं घेतली, त्या आमदारांनी इन्कार केला, आणि विषय संपला. त्या मतदारसंघांतल्या लाखो मतदारांना आपल्या माणसानं काय केलं हे आजही अधिकृतपणे कुणी सांगितलेलं नाही.

इथे नियमाची गंमत बघा. २००३ पर्यंत राज्यसभेचं मतदान गुप्त होतं. १९९८ ला आपल्याकडे काँग्रेसचे अधिकृत उमेदवार राम प्रधान पडले, पक्षाच्याच आमदारांनी हात दिला नाही. असे प्रकार आणि पैशाची चर्चा वाढली म्हणून २००३ ला कायदा बदलून मतदान खुलं केलं. पत्रकार कुलदीप नय्यर त्याविरुद्ध सुप्रीम कोर्टात गेले, २००६ ला कोर्टानं बदल योग्य ठरवला. पण खुलं म्हणजे किती खुलं? पक्षाच्या आमदारानं मतपत्रिका फक्त आपल्या पक्षाच्या एजंटला दाखवायची. नाही दाखवली तर बाद, दुसऱ्याला दाखवली तरी बाद. २०१७ ला गुजरातेत दोन आमदारांनी भलत्याला दाखवली आणि काँग्रेसच्या अहमद पटेलांची निवडणूक त्या दोन बाद मतांवर मध्यरात्री फिरली. अपक्षानं तर कुणालाच दाखवायची नाही. म्हणजे ज्यांच्याभोवती सगळा घोडेबाजार फिरतो असं आपण म्हणतो, नेमका त्यांच्याच मतावर पडदा.

आणि पक्षाच्या एजंटनं बघून तरी काय होतं? पक्षाविरुद्ध मत दिलं म्हणून आमदारकी जात नाही, पक्षांतरबंदी या मतदानाला लागत नाही. फेब्रुवारी २०२४ मध्ये हिमाचलात काँग्रेसच्या सहा आमदारांनी एजंटच्या डोळ्यांदेखत भाजपला मत दिलं. ६८ आमदारांत ३४-३४ झाले, चिठ्ठी टाकली. ज्याचं नाव निघेल तो हरणार असा नियम लावला आणि नाव निघालं काँग्रेसचे उमेदवार अभिषेक मनू सिंघवींचं. (गावच्या भिशीत असं केलं असतं तर हाणामारी झाली असती.) त्या सहा जणांची आमदारकी गेली, पण ती अर्थसंकल्पाच्या वेळी व्हिप, म्हणजे पक्षाचा आदेश, मोडून गैरहजर राहिल्याबद्दल. राज्यसभेच्या मताबद्दल नव्हे.

आपल्याकडचं तर सगळ्यांना आठवतं. १० जूनला एक कांदे सोडले तर शिवसेनेच्या आमदारांनी शिस्तीत एजंटला मतपत्रिका दाखवल्या. दहा दिवसांनी, २० जूनला विधान परिषदेचं मतदान झालं. तिथे आमदारांचं मत अजून गुप्तच असतं. भाजपची मतं १२३ वरून आणखी वाढली, काँग्रेसचे चंद्रकांत हंडोरे पडले, आणि त्याच रात्री एकनाथ शिंदे गाड्या घेऊन सुरतेच्या वाटेला लागले. एजंटला दहा दिवस आधी जे दिसलं त्याचा पक्षाला काय उपयोग झाला?

म्हणून माझं म्हणणं एवढंच आहे. मत एका माणसाला दाखवायचंच असेल तर सगळ्यांना दाखवा. मोजणी झाली की प्रत्येक आमदाराच्या नावापुढे त्याचा पसंतीक्रम लिहून यादी प्रसिद्ध करा, अपक्षांसकट. सामान्य मतदाराचं मत गुप्त असतं कारण त्याला सावकाराची, मालकाची, पुढाऱ्याची भीती असते. आमदार हा कुणाचा तरी ठरावधारक आहे. त्यानं कुणाला भ्यायचंच असेल तर ज्यांनी ठराव दिला त्यांना भ्यावं.

कुणी म्हणेल, मग थेट निवडणूकच घ्या, अमेरिकेनं सिनेटसाठी १९१३ ला तेच केलं. मला ते नको आहे. १९५२ च्या पहिल्या लोकसभा निवडणुकीत मुंबईत डॉ. बाबासाहेब आंबेडकर पडले. १९५४ ला भंडाऱ्याच्या पोटनिवडणुकीतही पडले. ज्यांनी राज्यघटनेचा मसुदा घडवला ते संसदेत बसले ते मुंबई राज्यातून राज्यसभेवर गेल्यामुळे, १९५६ ला जाईपर्यंत. हे दार उघडं राहायलाच हवं. त्यातून आत कुणाकुणाला सोडतात हा वेगळा विषय. उमेदवार त्या राज्याचा मतदार असावा ही अटही २००३ लाच काढून टाकली, प्रतापगढचा माणूस महाराष्ट्रातून जातो तो म्हणूनच. त्यावर वेगळी पोस्ट लिहीन, आज नको.

त्या जुलैत आमच्या आमदारांच्या कार्यालयात एका दाखल्याच्या कामासाठी गेलो होतो. बसल्या बसल्या तिथल्या कार्यकर्त्याला सहज विचारलं, साहेबांनी राज्यसभेला पहिली पसंती कुणाला दिली?

"दादा, ते गुप्त असतंय."

म्हटलं, पक्षाच्या आमदाराचं गुप्त नसतं, एजंटला दाखवावं लागतं.

तो जरा गोंधळला. मग हसून म्हणाला, "बरोबर हाय की. पक्षाला दाखवलंय. आणखी कुणाला दाखवायचं?"