बिली जीन, लॉसलेस आणि पुठ्ठ्याची नळी

ॲपल म्युझिकने २०२१ मध्ये जादा पैसे न घेता लॉसलेस, म्हणजे मूळ रेकॉर्डिंगमधलं काहीही न गमावलेलं संगीत दिलं. स्पॉटिफायही रडतखडत २०२५ मध्ये त्या पंगतीत येऊन बसलं. तेव्हापासून आमच्या गोतावळ्यात जो तो सांगत सुटलाय, "अरे, लॉसलेसवर ऐक, गाणंच वेगळं वाटतं!" मला नाही वाटत बुवा. आणि हे मी मायकल जॅक्सनच्या 'थ्रिलर'वरून बोलतोय. १९८२ चा हा अल्बम मला झोपेत उठवून विचारलात तरी कुठे काय वाजतं ते सांगेन.

आधी हिशेब बघू. सीडीवरचं संगीत सेकंदाला १४११ किलोबिट खातं. ३२० किलोबिटची एमपीथ्री त्याच्या पाव हिश्शाहूनही कमी. मग बाकीचं जातं कुठे? मोठ्या आवाजाच्या आड दडलेला बारीक आवाज कानाला तसाही ऐकू येत नाही, तो एमपीथ्री काढून टाकते. फ्लॅक हा लॉसलेस फॉरमॅट; ती काहीच टाकत नाही, फक्त घट्ट बांधून ठेवते आणि वाजवताना बिट न् बिट परत देते. तत्त्वाला तोड नाही. पण कुणी फायली बदलून दिल्या आणि कुठली कुठली ते सांगितलं नाही, तर ३२० आणि लॉसलेस यांतला फरक भल्याभल्यांना ओळखता येत नाही. मलाही येत नाही. १२८ ची मात्र लगेच पकडता येते, झांजा पाण्यात बुडवून वाजवल्यासारख्या येतात. फुटपाथवरच्या 'एका सीडीत दीडशे गाणी'वर वाढलेली आपली पिढी आज लॉसलेस ऐकून थक्क होते, ती या १२८ च्या तुलनेत. त्यांचं थक्क होणं खरं आहे, त्यावर वाद नाही.

आता 'थ्रिलर'मधलं 'बिली जीन' लावा, वायरवाल्या हेडफोनवर. सुरुवातीला नुसते ड्रम्स. ड्रमर लिऑन चॅन्सलरचा किक (पायाने वाजवायचा मोठा ड्रम) आणि स्नेअर (कडक आवाजाचा छोटा ड्रम) इतका कोरडा आणि जवळचा येतो की त्या दोन ठोक्यांमधली शांतताही ऐकू येते. ही करामत साउंड इंजिनिअर ब्रूस स्वीडियनची. त्याने ड्रम्ससाठी खास लाकडी पाट बनवून घेतला होता, किक ड्रमवर चेनवालं आवरण चढवलं होतं. मग लुई जॉन्सनचा बेस शिरतो आणि मायकलचा आवाज येईस्तोवर जवळजवळ अर्धा मिनिट जातो. निर्माता क्विन्सी जोन्स ही सुरुवात कापायला निघाला होता. मायकल अडून बसला, म्हणाला, इथेच तर मला नाचावंसं वाटतं. बरं झालं अडला! पुढे साथीच्या आवाजांतली एक ओळ त्याने चक्क लांबलचक पुठ्ठ्याच्या नळीतून गायली आहे. एकदा कळलं की दर वेळी कान तिकडेच जातो. या एका गाण्याची स्वीडियनने ९१ मिक्स (सगळे आवाज जुळवून केलेल्या आवृत्त्या) केली आणि शेवटी घेतलं दुसरंच, म्हणजे क्रमांक दोनचं!

सांगायचा मुद्दा, जे ऐकून आपण "वा, काय क्वालिटी" म्हणतो ते सगळं लॉस एंजेलिसच्या स्टुडिओत तेव्हाच घडून गेलंय. अल्बम आधी एलपी तबकडीच्या दोन बाजूंवर नीट मावेना इतका लांब झाला होता. मिनिटं वाढली की खाचा अरुंद होतात आणि बेस मार खातो. म्हणून मंडळींनी गाणी छाटली आणि पुन्हा एकेक करून मिक्स केली. ही मेहनत चांगल्या एमपीथ्रीतही शाबूत राहते.

उलटही होतं. मेटॅलिका या हेवी मेटल बँडचा २००८ चा 'डेथ मॅग्नेटिक' घ्या. पॉप नाही, पण उदाहरण चपखल आहे. मास्टरिंगमध्ये, म्हणजे मिक्सवरून अंतिम प्रत (मास्टर) बनवताना, आवाज इतका चढवला की हळू-जोरात हा भेदच उरला नाही, चाहत्यांनी बोंब मारली. असा अल्बम लॉसलेसमध्ये ऐकलात तर तो चिरडलेला आवाज तंतोतंत, काहीही न गमावता तुमच्यापर्यंत पोचेल! म्हणून जुन्या अल्बमच्या बाबतीत मी आधी मास्टर कोणतं ते बघतो आणि फॉरमॅट नंतर.

आणि ब्लूटूथवाल्यांनो, रागावू नका. फोनवर लॉसलेसचा बिल्ला दिसत असला तरी नेहमीच्या वायरलेस इअरबड्सकडे जाताना गाणं एमपीथ्रीसारखं परत दाबलं जातं. १९२ किलोहर्ट्झ सॅम्पलिंगच्या 'हाय-रेझ'चं तर बोलूच नका. माणसाचा कान २० किलोहर्ट्झपर्यंत, तोही तरुणपणी. सॅम्पलिंगच्या निम्म्यापर्यंतचे सूर पकडता येतात, म्हणून सीडीचं ४४.१ त्याला पुरून उरतं. चाळिशी ओलांडलेली माणसं 'हाय-रेझ'वरून हमरीतुमरीवर येतात तेव्हा मला भारी मजा वाटते.

तरी माझ्या हार्ड डिस्कवर सगळं फ्लॅकमध्येच आहे. फ्लॅकची एमपीथ्री हवी तेव्हा करता येते, एमपीथ्रीतून गेलेलं मात्र परत येत नाही. तेव्हा साठवायला लॉसलेस, बसून ऐकायला वायर. गाडीत मी बिनधास्त २५६ वर ठेवतो. टायरच्या घरघरीत स्वीडियनलाही फरक सांगता आला नसता.