पंच्याण्णवावे प्रेत

येथे इंग्लंडमध्ये सार्वजनिक ग्रंथालयात महिन्यातून एकदा जमणाऱ्या आमच्या वाचकगटाने गेल्या वर्षी जोसेफिन टे यांची १९५१ सालची, तिसऱ्या रिचर्ड राजावरची रहस्यकादंबरी वाचायला घेतली. पाय मोडून रुग्णालयात पडलेला एक पोलीस निरीक्षक वेळ जात नाही म्हणून रिचर्डचे चित्र न्याहाळतो. हा चेहरा दोन कोवळ्या पुतण्यांना मारणाऱ्याचा नसावा असे त्याच्या मनात येते, आणि तो खाटेवरूनच १४८३ सालचा तो खटला पुन्हा उघडतो. त्याच्यासाठी एक तरुण संशोधक कागद शोधून आणत राहतो. कादंबरीत पाठलाग नाही, पिस्तूल नाही. आहे ती केवळ कोणाचे विधान किती विश्वासार्ह याची तपासणी. रिचर्डच्या पापांची पाढेवार हकीकत लिहिणारे टॉमस मोर त्या वर्षी जेमतेम पाच वर्षांचे होते, ही साधी गोष्ट निरीक्षकाच्या ध्यानात येते आणि तेथून सगळी इमारत हलू लागते.

चर्चा रंगात आली असताना कोणीतरी मला विचारले की तुमच्याकडे असे एखादे प्रकरण आहे का. काका, पुतण्या आणि गादी एवढे शब्द ऐकल्यावर मराठी माणसाला आठवायला वेळ लागत नाही. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात गारद्यांनी नारायणराव पेशव्यांना मारले. थकलेला पगार हे निमित्त होते, आणि संशय काका रघुनाथरावांवर होता. मी एका कागदावर ‘धरावे’ आणि त्याखाली ‘मारावे’ असे देवनागरीत लिहून दाखवले आणि आनंदीबाईंनी एका अक्षराचा बदल करून पकडण्याच्या हुकमाचा मारण्याचा हुकूम कसा केला, ती कथा सांगितली. कथा सर्वांना आवडली. मात्र आयुष्यभर वकिलाच्या कचेरीत कागदपत्रे हाताळलेल्या एका वृद्ध बाईंनी तो कागद आपल्याकडे ओढून घेतला, दोन्ही शब्दांवरून बोट फिरवले आणि एकामागून एक प्रश्न विचारले. हुकूम लिहिला कोणी, नेला कोणी, वाटेत तो किती हातांतून गेला? बदललेले अक्षर त्याच शाईचे होते का? आणि तो कागद आता कुठे आहे?

‘काका, मला वाचवा’ ही आरोळी मी लहानपणापासून ऐकत आलो आहे. ‘ध चा मा करणे’ हा वाक्प्रचार तर मी कचेरीतल्या पत्रव्यवहाराबद्दलही वापरतो. तरी ‘कागद कुठे आहे’ हा प्रश्न पन्नाशी ओलांडेपर्यंत माझ्या मनात एकदाही आला नव्हता. घरी येऊन पाहिले तेव्हा एवढे लक्षात आले की ग्रँट डफ यांनी मराठ्यांच्या इतिहासावरील १८२६ च्या आपल्या ग्रंथात ही हकीकत नोंदवली, तेव्हा घटनेला पन्नासहून अधिक वर्षे होऊन गेली होती. म्हणजे आमचे टॉमस मोरही आमच्याजवळ होतेच, फक्त त्यांचे वय मोजणारा निरीक्षक नव्हता.

महाराष्ट्रात इतिहासावर वाद होत नाहीत असे नाही. इतके वाद क्वचितच दुसरीकडे होत असतील. २०२५ च्या आरंभी छत्रपती संभाजी महाराजांवरील चित्रपटात महाराज लेझीम खेळताना दाखवावेत की नाही, यावर रान उठले आणि अखेर दिग्दर्शकाने ते दृश्य वगळले. दृश्य राहावे की जावे याबद्दल मला येथे काही म्हणायचे नाही. मला खटकते ते हे की ऐतिहासिक कादंबरी असो वा चित्रपट, आपल्याकडे तिला विचारला जाणारा पहिला आणि बहुधा शेवटचा प्रश्न मोठ्या माणसाच्या मानाचा असतो. ‘पुराव्यात नाही ते लिहू नका’ म्हणणारे आणि ‘कादंबरीकाराला स्वातंत्र्य द्या’ म्हणणारे, असे दोन्ही पक्ष सिंहासनावरच्या माणसाकडेच पाहून भांडत असतात. १८७१ च्या ‘मोचनगड’पासून पुढे मराठी ऐतिहासिक कादंबरीने गड, दरबार आणि रणांगण यांचे जे वैभव उभे केले, त्याचा मी कृतज्ञ वाचक आहे; पण त्या वैभवात मेलेल्या सामान्य माणसांची मोजदाद फारशी झालेली नाही.

मोजदाद हा शब्द मी मुद्दाम वापरतो. एलिस पीटर्स यांनी बाराव्या शतकातल्या ब्रदर कॅडफेल या औषधी वनस्पतींच्या जाणकार मठवासीयावर वीस कादंबऱ्या लिहिल्या. त्यांतल्या १९७९ सालच्या एका कादंबरीचा आधार खरा आहे. ११३८ मध्ये स्टीफन राजाने श्रूझबरीचा किल्ला घेतला आणि आतल्या शिबंदीला फासावर दिले. कादंबरीत हा आकडा चौऱ्याण्णव आहे. प्रेतांना नीट मूठमाती मिळावी म्हणून कॅडफेल ती धुऊन, सरळ करून ओळीने मांडतो, आणि मोजतो तर पंच्याण्णव भरतात. राजाने ठार केलेल्यांच्या गर्दीत कोणीतरी आपण केलेला एक खून लपवून टाकलेला असतो. चौऱ्याण्णव माणसे कायद्याने मारली गेली म्हणून त्यांच्याबद्दल कोणी विचारत नाही, तेथे या पंच्याण्णवाव्यासाठी एक माणूस हटून बसतो. ऐतिहासिक रहस्यकथेचे मर्म मला यापेक्षा चांगले कोठे सापडलेले नाही.

हीच मोजणी शनिवारवाड्यात करून पाहावी. त्या दिवशी नारायणराव एकटे मेले नाहीत. त्यांच्या अंगावर पडून त्यांना झाकू पाहणारा चापाजी टिळेकर मेला. आणखी काही सेवक आणि दासीही कापल्या गेल्या. चापाजीचे नाव स्वामिनिष्ठेच्या पुण्याईवर टिकले आहे, परंतु दासी आपल्या कथनात संख्येपुरत्याही येत नाहीत. रहस्यकादंबरीकार मात्र येथूनच सुरुवात करील: ती दासी त्या वेळी तेथे का होती, तिने काय पाहिले होते, आणि गर्दीत मेली की गर्दीचा फायदा घेऊन कोणी तिला मारले?

आता परदेशात राहणाऱ्याने घरच्यांना धडे देणे फार सोपे असते, कारण त्याच्या दारावर कोणी मोर्चा आणत नाही. शिवाय इंग्रज वाचक स्वभावतः समंजस आहे, असेही मला म्हणायचे नाही. २०१२ मध्ये लेस्टर येथे मोटारी उभ्या करण्याच्या जागेखाली रिचर्डचा सांगाडा मिळाला. तो लेस्टरला पुरावा की यॉर्कला, यावरून स्वतःला त्याचे दूरचे वंशज म्हणवणारी मंडळी उच्च न्यायालयात गेली. २०१४ मध्ये निकाल लेस्टरच्या बाजूने लागल्यावर पुढच्या वर्षी त्याचे दफन झाले. भावना यांच्याही दुखावतात; मात्र रिचर्डचे नाव घेऊन आज कोणाची निवडणूक जिंकता येत नाही आणि त्याच्या जातीचा मेळावा भरत नाही. हा फरक वृत्तीचा कमी आणि अंतराचा जास्त आहे.

टे यांची कादंबरीही मला पूर्णपणे पटत नाही. रिचर्डला सोडवण्याच्या भरात त्यांचा निरीक्षक रिचर्डनंतर गादीवर आलेल्या सातव्या हेन्रीला तितक्याच घाईने दोषी ठरवतो. रहस्यकथेला शेवटी गुन्हेगार लागतोच; इतिहासाला तो नेहमी सापडतो असे नाही. आणि येथे मला आपल्याच वाक्प्रचाराची भीती वाटते. ‘ध चा मा’ म्हणजे तरी काय? तीही एक बेतशीर रहस्यकथाच आहे: एक अक्षर, एक लेखणी, एक कारस्थानी स्त्री, आणि सगळ्या धाग्यांची एका फटक्यात उकल. हे उत्तर इतके सुबक आहे की गारद्यांची थकबाकी, दरबारातले गट, रघुनाथरावांची कैद या सगळ्या ओबडधोबड गोष्टी मागे पडल्या आणि अडीचशे वर्षे दोष एका बाईच्या हातात राहिला. तेव्हा रहस्यकथा इतिहासाला तारते असे मी म्हणणार नाही. वाईट रहस्यकथा आपण आधीच जपून ठेवली आहे, ती तपासायला चांगली हवी, एवढेच माझे म्हणणे आहे.

अडचण साधनांचीही आहे आणि ती मला मानाच्या प्रश्नापेक्षा मोठी वाटते. लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयातील १६७४ ते १९१३ या काळातले सुमारे १,९७,००० खटले आज कोणालाही घरबसल्या, फुकट आणि शब्द टाकून शोधता येतात. चमचा चोरणारी मोलकरीण, खोटी नाणी पाडणारा शिंपी यांच्या जबान्या कादंबरीकाराच्या मेजावर आयत्या येऊन पडतात. आपल्याकडे पेशवे दप्तरात कागदांची वाण नाही. गो. स. सरदेसाई यांनी त्यातले निवडक पंचेचाळीस भागांत छापून काढले. बाकीचा प्रचंड साठा कापडी रुमालांत बांधलेला आहे, आणि तो वाचायचा तर मोडी यावी लागते. मोडी वाचणारा अभ्यासक स्वाभाविकपणे लढाया, तह आणि वंशावळी आधी हाताळतो, चोरीची फिर्याद त्याच्या यादीत शेवटी येते.

त्या फिर्यादींत किती ऐवज आहे, याची कल्पना उत्तर पेशवाईतल्या तपासाच्या रीतीवरूनच यावी. गावात चोरी झाली की जागल्याने, बहुधा तो रामोशी असे, चोराच्या पावलाचे माप घेऊन माग काढायचा. माग शेजारच्या गावच्या शिवेवर गेला की तो त्या गावाच्या राखणदाराच्या हवाली करायचा, आणि ज्या शिवेत तो विरला त्या गावावर भरपाईची जबाबदारी यायची. यात कथानकाचा सांगाडा तयारच आहे, कारण प्रत्येक गावाला तो माग आपल्या हद्दीबाहेर ढकलण्यात रस असणार. पुण्यात रात्रीची तोफ झाली की रस्त्यावर दिसणाऱ्याला कोतवालाची माणसे अडकवत. साक्षीपुरावा तोकडा पडला तर आरोपीला दिव्य करावे लागे, उकळत्या तेलातून धातूचा तुकडा काढून दाखवावा लागे. कादंबरीकाराने येथे कोतवालाला आजचा विवेकवादी करून दिव्याला हसायला लावले तर ती लबाडी होईल. ब्रदर कॅडफेल कधी कधी विसाव्या शतकातल्या सुसंस्कृत प्राध्यापकासारखा बोलतो, तसाच तो दोष. दिव्यावर मनापासून विश्वास असलेला आणि तरीही मागाचे माप दोनदा घेणारा कोतवाल रंगवता आला, तर मात्र बहार येईल.

कोतवाल म्हटले की घाशीराम आठवणारच. १७९१ मध्ये त्याने कोंडून ठेवलेले तेलंगी ब्राह्मण गुदमरून मेले आणि खवळलेल्या लोकांनी त्याला दगडांनी ठेचले. बंद खोलीतल्या मृत्यूंचे रहस्य शोधणाऱ्यांना यापेक्षा भीषण खोली मिळणार नाही. विजय तेंडुलकरांचे त्यावरचे नाटक १९७२ मध्ये रंगभूमीवर आले आणि वाद पेटला तो नाना फडणविसांच्या प्रतिमेवरून. १९८० मध्ये ते युरोपला निघाले तेव्हा परक्यांपुढे आपली बदनामी नको म्हणून पुन्हा विरोध झाला. ते नाटक म्हणजे इतिहास नव्हे, हे तेंडुलकरही सांगत होते. पण मेलेल्या तेलंगी ब्राह्मणांच्या वतीने त्या वादात कोणी उभे राहिल्याचे मला आठवत नाही.

दरम्यान जुन्या मुंबईतल्या रहस्यकादंबऱ्या इंग्रजीत एकामागून एक येत आहेत. १९२१ च्या मुंबईतली पारशी महिला वकील आणि १९५० च्या मुंबईतली महिला पोलीस निरीक्षक या दोघी येथल्या ग्रंथालयात सहज भेटतात. त्यांतल्या दुसरीला २०२१ मध्ये येथला ऐतिहासिक गुन्हेकथेचा पुरस्कारही मिळाला. मी त्या आवडीने वाचतो, फक्त अधूनमधून कथा थांबवून परक्या वाचकाला समजावून सांगणे चालते तेव्हा थोडा कंटाळतो. मराठीला हे समजावणे करावे लागणार नाही. बाबूराव अर्णाळकरांच्या धनंजय आणि झुंजार यांनी पिढ्यान्‌पिढ्या वाचक खिळवून ठेवला आणि ऐतिहासिक कादंबरीनेही तेच केले. तरी हे दोन प्रवाह शेजारून वाहत राहिले आणि त्यांची गाठ जवळजवळ पडलीच नाही. एकाला हलका माल समजले गेले, दुसऱ्याला देवघरात बसवले गेले.

पुढच्या बैठकीत त्या वृद्ध बाईंनी माझा तो कागद परत दिला. ‘धरावे’ आणि ‘मारावे’ यांच्या खाली त्यांनी पेन्सिलीने चापाजीचे नाव इंग्रजी उच्चारात लिहिले होते, त्याखाली दोन आडव्या रेघा मारून पुढे प्रश्नचिन्ह टाकले होते. या रेघा कसल्या, असे मी विचारले. त्या म्हणाल्या, “दासींसाठी जागा ठेवली आहे. तुमच्याकडच्या कागदांत नावे सापडली, तर भरा.”