हयात आहे, अंगठा नाही

नोव्हेंबर उजाडला की आम्हा पेन्शनवाल्यांना आपण जिवंत आहोत हे सिद्ध करावं लागतं. पूर्वी बँकेत यादीवर सही ठोकली की वर्षाची निश्चिंती. आता हयातीचा दाखला डिजिटल झालाय. आधारचे बारा आकडे सांगायचे, यंत्रावर अंगठा टेकवायचा, झालं.

नाही झालं.

"पुसून ठेवा सर," काउंटरवरचा पोरगा म्हणाला. विजारीला पुसला. "दाबून." दाबला. "केसांतून फिरवा, जरा तेल लागतं." मग माझ्या डोक्याकडे बघून त्यानेच दुरुस्ती केली, "कपाळावर फिरवा." दहाही बोटं झाली. यंत्र ढिम्म. मागे रांगेतल्या आजी सल्ला देऊन थकल्या आणि खाली बसल्या.

दोष यंत्राचा नाही. शाळेत ड्रॉईंग शिकवून उरलेल्या वेळात मी तीस वर्षं एचिंग केलं, म्हणजे पत्र्यावर अ‍ॅसिडने रेषा कोरून छापचित्रं काढली. जस्ताचा पत्रा, नायट्रिक अ‍ॅसिड, मग शाई. आणि जादाची शाई कापडापेक्षा तळहातानेच झकास पुसली जाते. पत्र्यावर रेषा उमटवता उमटवता बोटांवरच्या गेल्या. उरल्यासुरल्या वयाने सपाट केल्या. १९९४ साली मी स्वतःच्याच अंगठ्याचं दीड फुटी छापचित्र काढलं होतं. घरी जाऊन तेच भिंतीवरून उतरवून आणलं आणि काउंटरवर ठेवलं. घे, एकेक रेघ मोजून घे!

"सर, हे काचेवर मावत नाही."

वर्मी लागलं ते वेगळ्याच कारणाने. 'डिजिटल युगातलं शरीर' या विषयावर मी गावोगाव व्याख्यानं झोडली आहेत. लिन हर्शमन लीसन ही अमेरिकन कलावंत १९७३ पासून पाचेक वर्षं सॅन फ्रान्सिस्कोत विग लावून रॉबर्टा ब्राइटमोर नावाची बाई होऊन वावरली. या नसलेल्या बाईला ड्रायव्हिंग लायसन्स मिळालं, क्रेडिट कार्ड मिळालं! ऑस्ट्रेलियाच्या स्टेलार्क या कलावंताने तर हातावर कान उगवून घेतला, तो इंटरनेटला जोडायचा म्हणून. आत मायक्रोफोन बसवला, जागा पिकली, मायक्रोफोन काढावा लागला. पण कान आहे. रॉबर्टाला कार्ड, स्टेलार्कला तिसरा कान, आणि मला माझा जन्मजात अंगठा लागू होत नाही.

"अरे, पण तू मला ओळखतोस ना?"

"ओळखतो म्हणजे? इंटरमिजिएटच्या वर्गात स्मरणचित्रात बैलाला पाच पाय काढले म्हणून कान पिळला होता तुम्ही. अजून गरम लागतो. पण सर, माझ्या ओळखण्याला पोर्टलवर रकाना नाही."

शेवटी त्याने मोबाईल काढला. २०२१ पासून चेहऱ्यावरूनही दाखला मिळतो म्हणे. हे आधी सांगायचं नाही का? तर म्हणाला, "तुम्ही चित्र आणायला गेलात, म्हटलं बघू तरी."

"मान सरळ. चौकटीत या. हलू नका. आता पापण्या मिटा, उघडा." मॉडेलला बसवताना तीस वर्षं मी हेच ओरडत आलो, पापण्या सोडून. दोनदा हललो. खेकसला माझ्यावर, अगदी माझ्याच सुरात. तिसऱ्यांदा हिरवी खूण आली. मी हयात ठरलो.

आनंदाच्या भरात त्याच्या पाठीवर थाप मारायला हात उचलला, तर पठ्ठ्याने झटकन कान झाकला.