चंद्रावरचं पाणी आणि आपल्या नळाचं पाणी

"पाणी पाच दिवसाला यायलंय, आन् हे चंद्रावर पाणी हुडकायलेत!" आज सोलापुरातल्या नवी पेठेतल्या एका दुकानात कुणीतरी हे वाक्य टाकलं आणि सगळे हसले. डोक्यात तिडीक गेली, म्हणून लिहितोय. लांबेल, पण वाचा.

पैशाचं आधी उरकतो. चांद्रयान-३ चा खर्च सुमारे ६१५ कोटी. १४० कोटी माणसांत वाटला तर डोक्यामागे साडेचार रुपयेसुद्धा पडत नाहीत. ते वाचवून सोलापूरला रोज पाणी आलं असतं असं ज्याला वाटतं, त्यानं कागदावर हिशेब मांडून दाखवावा. सोलापूरला पाणी देणाऱ्या उजनी धरणाची एकूण क्षमता ११७ टीएमसी, म्हणजे ११७ अब्ज घनफूट आहे. पाऊसमान बरं झालं की पाणी तिथं असतं. ते शंभरावर किलोमीटर आणायचं आणि शेवटच्या गल्लीपर्यंत सारख्या दाबानं पोचवायचं, गाडं अडलंय ते इथं.

आता ७ सप्टेंबर २०१९ ची रात्र आठवा. चांद्रयान-२ चं विक्रम लँडर, म्हणजे चंद्रावर उतरणारं यान, उतरता उतरता आदळलं. आपल्याकडं अर्धे लोक हळहळले, अर्ध्यांनी व्हॉट्सॲपवर विनोद फिरवले आणि आठवड्यात सगळे विसरले. तिकडं बेंगळुरूत मात्र एकेका सेकंदाचा डेटा काढून इस्रोचे लोक बसले होते.

काय चुकलं होतं ते नीट समजून घ्या. चंद्रापासून ३० किलोमीटरवर उतरणं सुरू होतं तेव्हा लँडरचा आडवा वेग ताशी सहा हजार किलोमीटर असतो. हवा नाही, त्यामुळं पॅराशूट नाही. सगळा वेग इंजिनानंच मारायचा. सिग्नल एका बाजूनं पोचायलाच सव्वा सेकंदाच्या वर लागतो, म्हणून इथून कुणी हातानं चालवूही शकत नाही. सगळे निर्णय यानाचे यानानंच घ्यायचे. विक्रमच्या पाच इंजिनांनी अपेक्षेपेक्षा जास्त जोर दिला. फरक छोटा होता, पण पुढच्या टप्प्यात कॅमेऱ्यानं फोटो घेण्यासाठी यान स्थिर धरायचं होतं, त्यामुळं चूक तिथल्या तिथं दुरुस्त झाली नाही, साचत गेली. टप्पा संपल्यावर यानाला झपकन वळायचं होतं, तर सॉफ्टवेअरनं वळण्याच्या वेगावर मर्यादा घातलेली. त्यात उतरायची जागा फक्त ५०० बाय ५०० मीटर. जमीन जवळ येतेय, वेग कमी करायचाय आणि त्याच वेळी ठरलेली जागा गाठायला पुढंही पळायचंय. दोन्ही कसं जमणार?

ही कारणं इस्रोच्या तेव्हाच्या अध्यक्षांनी, एस. सोमनाथ यांनी, पुढच्या उड्डाणाआधी जाहीरपणे सांगितली. मला चंद्रापेक्षा याचं अप्रूप जास्त आहे.

मग काय केलं? मधलं पाचवं इंजिन काढलं. उतरायची जागा चार किलोमीटर लांब आणि जवळपास अडीच किलोमीटर रुंद घेतली. इंधन वाढवलं. सेकंदाला तीन मीटर वेगानं टेकलं तरी मोडू नयेत असे पाय केले. यान कुठल्याही बाजूला तोंड करून उतरलं तरी वीज मिळावी म्हणून सौर पॅनेल वाढवले. वेग थेट मोजणारं लेसर उपकरण बसवलं. सेन्सर हेलिकॉप्टरला लावून उडवून पाहिले, इंजिनं आणि सॉफ्टवेअर क्रेनला टांगून तपासले. सेन्सर बंद पडला तर काय, इंजिन गेलं तर काय, गणितच चुकलं तर काय, असं धरून रचना केली. आणि २३ ऑगस्ट २०२३ ला संध्याकाळी सहा वाजून गेल्यावर चांद्रयान-३ अलगद टेकलं. त्या दिवशी फटाके उडवणाऱ्यांचाही मला रागच येतो, कारण मधली चार वर्षं त्यातल्या कुणीच विचारली नाहीत.

बरं, ते दुकानातलं वाक्य बोलणारा माणूस वैरी नाही. पाण्याच्या दिवशी रात्री दोनला उठून बॅरल भरणाऱ्या घरात चंद्राचं कौतुक कुणाला सुचणार? ते मान्य.

पण चंद्रावर पाणी शोधतात ते उगीच नाही. चंद्राचा अक्ष जेमतेम दीड अंश कललेला, त्यामुळं ध्रुवांजवळच्या काही खड्ड्यांच्या तळाला ऊन कधीच लागत नाही आणि तिथं बर्फ टिकून राहतो. २००८ साली गेलेल्या चांद्रयान-१ वरच्या नासाच्या उपकरणानं चंद्राच्या मातीत पाण्याच्या खुणा दाखवल्या. पाण्यातून हायड्रोजन आणि ऑक्सिजन वेगळे केले की श्वासही मिळतो आणि इंधनही. चांद्रयान-३ नेणारं रॉकेट ६४० टनांचं होतं आणि त्यातून चंद्राकडं निघालं ३.९ टन. सगळं इथूनच न्यायचं म्हटलं तर माणूस तिथं फार दिवस राहूच शकत नाही. चांद्रयान-३ च्या लँडरनं (त्याचंही नाव विक्रमच) जमिनीत खुपसलेल्या तापमापकानं दाखवलं की वर पन्नास अंशांच्या आसपास तापलेली माती आठ सेंटिमीटर खाली उणे दहाला जाते. मे महिन्यातलं सोलापूर सोसलेल्या माणसानं हा आकडा दोनदा वाचावा. वीतभरसुद्धा नाही, आणि साठ अंशांचा फरक! बर्फ कुठं, किती खोल टिकेल याचा अंदाज असल्या मोजमापातूनच बांधता येतो.

आता आपल्या नळाकडं या. पाणी रोज न सोडता काही दिवसांआड सोडलं की पाइप रिकामे होतात. रिकाम्या पाइपात दाब उणे होतो आणि सैल जोडांतून गटाराचं पाणी आत ओढलं जातं. पुन्हा पाणी सोडताना हवेचे व्हॉल्व्ह नीट नसतील तर आत अडकलेल्या हवेचा दणका बसतो आणि जोड आणखी सुटतात. त्यात नळालाच मोटार लावणारे आपणच, तेव्हा शेवटच्या घराला फुसफुस हवा येते. म्हणजे पाणी कमी म्हणून काही दिवसांआड सोडायचं, आणि तसं सोडल्यामुळं गळती वाढून ते आणखी कमी पडायचं. हे कुणी कागदावर मांडून गावापुढं ठेवलंय? २०१९ नंतर इस्रोनं ठेवलं, तसं? पाइप फुटला की खड्डा, ठिगळ, फोटो, पुढचा फुटेपर्यंत शांतता.

महागडं यंत्र लागत नाही हो. टाकीतून पाणी निघतं तिथं किती पाणी गेलं ते मोजणारा एक फ्लो मीटर, वॉर्डाच्या तोंडाशी दुसरा, आणि घराघरांतल्या मीटरची बेरीज. टाकी ते वॉर्ड यातली तूट म्हणजे मुख्य लाइनची गळती, वॉर्ड ते घरं यातली तूट म्हणजे गल्लीतली गळती आणि चोरी. हे तीन आकडे दर पाळीला वॉर्डातल्या फळ्यावर लागले पाहिजेत. परवा आमच्या भागात पाणी येईल तेव्हा मी व्हॉल्व्हमनच्या साहेबांना एवढंच विचारणार आहे. तुम्हीही आपापल्या वॉर्डात विचारा आणि मिळालेलं उत्तर खाली कमेंटमध्ये टाका.